अपडेट चालू असताना लाईट गेली, फ्री डिशचा बॉक्स 'बूट'वरच अडकलाय – मदत हवी आहे

राम राम मंडळी,

यावल तालुक्यातून लिहितोय. डीडी फ्री डिशच्या एमपेग-४ बॉक्सवर पेनड्राइव्हने सॉफ्टवेअर अपडेट चालू होतं, तेवढ्यात लाईट गेली. आता डिस्प्लेवर फक्त 'बूट', टीव्ही काळा, रिमोट चालत नाही. ॲडॉप्टरमधून १२ व्होल्ट नीट येतात. छत्री, एलएनबी (छत्रीवरचा सिग्नल घेणारा भाग) ठीक आहेत; शेजाऱ्यांचा बॉक्स लावला की ९३.५ अंशांवरचा जीसॅट-१५ उपग्रह लगेच लागतो.

जळगावच्या दुकानात "नवीनच घ्या" म्हणाले. पण बोर्ड धडधाकट आहे, फ्लॅशमधलं (मेमरी चिपमधलं) सॉफ्टवेअर तेवढं अर्धवट लिहिलं गेलंय. एवढ्यासाठी तो भंगारात टाकायला मन धजत नाही. आबांना संध्याकाळी सह्याद्रीच्या बातम्या लागतातच.

खोलून पाहिलं. मेन आयसी जीएक्स६६०५एस, बाजूला आठ पायांची २५क्यू३२ फ्लॅश (४ एमबीची), कडेला चार पिनांची जागा. यूएसबी-टीटीएल (बोर्डाच्या पिना संगणकाच्या यूएसबीला जोडणारा अडॅप्टर) घेऊ, की फ्लॅश काढून प्रोग्रामरवर (चिपवर थेट लिहिणाऱ्या यंत्रावर) लावू?

प्रतिसाद:
भाऊ, फ्लॅशला हात लावू नका. या आयसीच्या आत बूटरोम (सुरुवातीचा कायमचा छोटा प्रोग्राम) असतो, फ्लॅश बिघडली तरी तो जागा असतो. ३.३ व्होल्टचा यूएसबी-टीटीएल घ्या. त्या चार पिनांच्या जागेवर जीएनडीला (ग्राउंड) जीएनडी, टीएक्सला (पाठवणारी पिन) आरएक्स (घेणारी पिन), आरएक्सला टीएक्स. चौथी पिन मोकळी सोडा, बॉक्स त्याच्या ॲडॉप्टरवरच चालवा. संगणकावरच्या फ्लॅश लिहायच्या टूलमध्ये बॉड रेट (डेटाचा वेग) ११५२००, आधी स्टार्ट दाबा, मगच बॉक्सचं बटण चालू करा. उलट केलं तर पकडत नाही. लिहिण्याआधी फ्लॅशमध्ये आहे तो डंप (जशीच्या तशी प्रत) वाचून ठेवा. ४ एमबीला या वेगाने सहा मिनिटं तरी जातात, तेव्हा या वेळी इन्व्हर्टरवर लावा.

फाईल मात्र बोर्ड नंबर जुळवूनच घ्या. आयसी तोच असला तरी ट्यूनर (सिग्नल पकडणारा भाग) आणि डिस्प्ले वेगळे निघतात. मग बॉक्स चालू होतो पण सिग्नल शून्य.

धागाकर्ता:
खूप आभार भाऊ! बोर्ड नंबर जुळणारी फाईल मिळाली, पण ती ८ एमबीची आहे. अर्धी कापून चालेल का?

प्रतिसाद:
नाही. ती २५क्यू६४ वाल्या बोर्डाची आहे, कापली तर चालणार नाही. ४ एमबीचीच शोधा. बोर्डाचा दोन्ही बाजूंनी फोटो टाका, कुणाकडे तसाच चालू बॉक्स असेल तर त्याचाच डंप काढून घेऊ.