त्वचेवाटे येणारा परिणाम

असा एक दावा केला जातो की, डोक्यावर बारीक प्रत्यावर्ती (ठरावीक लयीत दिशा बदलणारा) विद्युत्प्रवाह सोडल्यावर हाताच्या कंपाची लय बदलते, म्हणजे प्रवाह मेंदूपर्यंत पोचला. हा निष्कर्ष मला घाईचा वाटतो. प्रवाहाचा बराचसा भाग त्वचेतूनच पसरतो आणि तिथल्या संवेदी चेता त्याच लयीत उद्दीपित होऊ शकतात. बेल्जियममधील ल्यूव्हेनच्या संशोधकांनी 2019 मध्ये टाळूची त्वचा बधिर करून हाच प्रयोग केला, तेव्हा कंपावरील परिणाम घटला. केवळ हाताच्या चेतांना उद्दीपित केल्यावर मात्र कंप त्या लयीशी जुळू लागला.

असा प्रवाह सोडताना डोळ्यांपुढे चमकणाऱ्या प्रकाशाचेही तसेच आहे: इलेक्ट्रोड (प्रवाह सोडणारी पट्टी) डोक्याच्या मागे असला, तरी ती चमक बहुधा दृष्टिपटलातून येते.

चुंबकीय उद्दीपनात, म्हणजे डोक्याशी धरलेल्या तारेच्या वेटोळ्यातून (कॉइल) चुंबकीय स्पंद देऊन मेंदू उद्दीपित करताना, तर कॉइलचा ‘टक्’ असा आवाज, टाळूवरची टिचकी आणि कधीकधी पापणीचे फडफडणे एवढ्यानेही लक्ष वेधले जाऊन प्रतिसादाचा वेळ बदलू शकतो. नुसता आवाज करणारी खोटी कॉइल ही टिचकी देत नाही, त्यामुळे ती तुलनेला अपुरी पडते. निदान डोक्याच्या दुसऱ्या जागी, तितकीच टोचणी देणारे खरे उद्दीपन करून तुलना करायला हवी.