‘टाकलं’, ‘सुटला’ आणि ‘सुट्टी’

प्रश्न : मनोरुग्णालयातून घरी आलेल्या माणसाला ‘सुटला’ म्हणावं का? भावाला दीड महिन्यानं घरी आणलं, तर शेजारच्या काकू म्हणाल्या, “सुटला का गं?” फार लागलं मला. शब्दच चुकीचा आहे, की मी हळवी झालेय?

उत्तर : हळव्या नाही झालात. मी 19 वर्षं मनोरुग्णालयात स्त्रियांच्या वॉर्डात सिस्टर होते. ‘वेड्यांचं इस्पितळ’ जाऊन ‘मनोरुग्णालय’ आलं, पण क्रियापदं जुनीच राहिली. टायफॉइडच्या माणसाला आपण ‘अ‍ॅडमिट करतो’. मनाचं दुखणं असलं की ‘येरवड्याला टाकतो’, ‘ठाण्याला धाडतो’. टाकलेला माणूस मग सुटणारच. त्यात एरवी आजारी माणूस ‘सुटला’ म्हणजे गेला!

यात कायद्याचाही वाटा आहे. 1912च्या कायद्याचं नावच वेडेपणाचं : ‘ल्युनसी अ‍ॅक्ट’. 1987च्या कायद्यातही मॅजिस्ट्रेटच्या हुकमावरून भरती होई. 2017च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यात स्वतःहून आलेला माणूस ‘स्वतंत्र रुग्ण’ आहे, त्यानं मागितली की सुट्टी द्यायची. आजार बळावलेला वाटला, तर तपासणीसाठी 24 तास थांबवता येतं. डोकं भादरायची सक्ती नाही, अंगावर स्वतःचे कपडे घालता येतात.

वॉर्डातल्या बायका मात्र आधीपासून ‘सुट्टी’च म्हणायच्या. गोळ्यांच्या रांगेत, वेणी घालून घेताना, व्यवसायोपचारात शिवणावर बसल्या की तोच प्रश्न : “मावशी, माझी सुट्टी कधी?” सुट्टी मिळाली की माणूस घरी जातो, हे त्या शब्दातच आहे. सुटण्यात नुसतं दार उघडतं.

एका आजींना डॉक्टरांनी सुट्टी लिहून दिली, पण न्यायला कुणी आलं नाही. समाजसेवा अधीक्षकांनी घरी धाडलेली पत्रं तशीच परत आली. आजी रोज पिशवी भरून बाकावर बसायच्या. कुणी विचारलं की म्हणायच्या, “सुट्टी झालीय, गाडी यायचीय.” त्यांच्यासाठी कुठलं क्रियापद वापरायचं, ते मला अजून सापडलेलं नाही.

आणखी एक : आमच्याकडे विदर्भात ‘सुट्टी झाली’ म्हणतात, ऑपरेशन असो की बाळंतपण. मनाच्या दुखण्यालाही तेच शोभतं.

प्रश्न विचारणारी : काल काकूंना मुद्दाम म्हटलं, “दादाला सुट्टी मिळाली.” त्या म्हणाल्या, “बरं झालं गं. जेवतो ना नीट?”