मुंबई की म्युनिक : पगाराचा आणि घरखर्चाचा मेळ कसा घालावा?

निशिगंध, मुलुंड (पूर्व)

नमस्कार. माझ्या पतींना म्युनिकमधील एका कंपनीकडून वर्षाला ७२,००० युरोंची ऑफर आली असून होकार-नकार कळवण्यासाठी तीन आठवड्यांची मुदत आहे. ऑफर आल्याचे कळताच नात्यातल्या प्रत्येकाने शंभराने गुणून ‘बहात्तर लाख’ हा आकडा पाठ केला आहे. मला मात्र महिनाअखेरीस हातात काय उरेल, एवढेच समजून घ्यायचे आहे.

सध्या त्यांच्या हातात दरमहा १,९०,००० रुपये पडतात. त्यातून गृहकर्जाचा हप्ता ७२,०००, सोसायटीचा मेंटेनन्स ६,५००, किराणा-भाजी-दूध मिळून २८,०००, दुसरीतल्या मुलाची शाळेची फी महिन्यावर विभागली तर १४,०००, स्वयंपाकाच्या आणि धुण्याभांड्याच्या बाईंचे मिळून ९,५००, वीज-गॅस-इंटरनेट-मोबाइल ७,५००, चिपळूणला राहणाऱ्या सासूसासऱ्यांच्या आरोग्य विम्यापोटी ८,०००, प्रवास ६,००० आणि किरकोळ २०,००० असे एकूण १,७१,५०० रुपये जातात, म्हणजे उरतात जेमतेम १८,५००. तिकडे कर आणि विमा कापून ४,१०० युरो हातात येतील असे जर्मन पगार-गणकावर दिसते आणि संकेतस्थळांवरचे आकडे जुळवून मी भाडे १,४०० व बाकी सर्व १,२०० असा २,६०० युरोंचा खर्च काढला आहे. एक युरो शंभर रुपये धरला, तर उरतात दीड लाख. १८,५०० च्या जागी दीड लाख हे गणित इतके गोड आहे की त्यात काहीतरी राहून गेले असावे, अशी मला शंका येते. इथले घर आम्ही भाड्याने देऊ, त्याचे ४२,००० येतील असे एजंट म्हणतो. म्युनिकमध्ये संसार केलेल्यांनी हे आकडे तपासून द्यावेत, ही विनंती.

(संध्याकाळी सहा ते नऊ क्लिनिकमध्ये माझे रुग्ण असतात, त्यामुळे उत्तराला उशीर झाल्यास राग मानू नये. मी फिजिओथेरपिस्ट आहे.)

इसारकाठ, म्युनिक (मूळचा ठाण्याचा)

ताई, पगाराचा आपला आकडा बरोबर आहे, मात्र तो कर-वर्ग ३ धरून आलेला आहे. हा वर्ग जोडीदार सोबत राहत असेल आणि त्याला उत्पन्न नसेल किंवा फार कमी असेल, तेव्हा फायद्याचा ठरतो. खर्चाचा आकडा मात्र बराच कमी धरला गेला आहे आणि त्याची सुरुवात भाड्यापासूनच होते.

जर्मनीत भाडे दोन प्रकारे सांगतात. ‘काल्टमिटे’ म्हणजे नुसत्या जागेचे भाडे, आणि ‘वार्ममिटे’ म्हणजे त्यात हीटिंग, पाणी, कचरा, जिन्याची सफाई वगैरे मिळवून होणारी रक्कम. आपण धरलेले १,४०० हे बहुधा काल्ट आहे. आमच्या ६८ चौरस मीटरच्या, म्हणजे साधारण ७३० चौरस फूट कार्पेटच्या घराचे वार्म भाडे १,७५० युरो आहे आणि घरातली वीज त्याहून वेगळी. जाहिरातीत ‘तीन खोल्या’ असे लिहिलेले असते तेव्हा हॉल त्यात मोजलेला असतो आणि स्वयंपाकघर मोजलेले नसते, म्हणजे मुंबईच्या भाषेत तो टू बीएचके झाला.

स्वयंपाकघरावरून आठवले. किल्ली घेऊन आम्ही घरात शिरलो तेव्हा स्वयंपाकघराच्या भिंतीतून बाहेर आलेले पाण्याचे दोन नळ आणि शेगडीसाठी सोडलेली एक जाड वायर, यापलीकडे तिथे काहीही नव्हते. ओटा नाही, सिंक नाही, कपाट नाही. भाड्याच्या घरात स्वयंपाकघर भाडेकरूने स्वतः बसवायचे आणि जाताना काढून न्यायचे किंवा पुढच्याला विकायचे, ही इथली सर्रास पद्धत आहे. आमच्या आधीच्या भाडेकरूने ते काढून नेले होते आणि घरमालकांना ते आम्हाला आधी सांगावेसे वाटले नव्हते. पुढचे तीन आठवडे एका विजेच्या शेगडीवर खिचडी शिजवून आम्ही बाथरूममध्ये भांडी घासली आणि शेवटी १,८०० युरोंना वापरलेला ओटा-कपाटांचा संच घेतला. घर बघायला जाल तेव्हा हा प्रश्न सर्वांत आधी विचारावा.

डिपॉझिट कायद्याने जास्तीत जास्त तीन महिन्यांच्या काल्ट भाड्याइतके घेता येते आणि ते तीन हप्त्यांत देण्याचा भाडेकरूला हक्क आहे. दलालीचा प्रश्न सहसा येत नाही, कारण २०१५ पासून दलाल ज्याने नेमला त्यानेच त्याचे पैसे द्यायचे असा नियम आहे. मुलुंडला एक महिन्याचे भाडे एजंटच्या हातावर ठेवणाऱ्यांना हे फार बरे वाटते.

आमच्या तिघांच्या घराचा महिना असा जातो : भाडे १,७५०, वीज ७५, इंटरनेट व मोबाइल ६०, प्रत्येक घराला द्यावीच लागणारी रेडिओ-दूरदर्शनची वर्गणी १८.३६, दोन ‘डॉइचलांड-टिकेट’ १२६ (हा देशभर चालणारा मासिक पास २०२३ मध्ये ४९ युरोंना सुरू झाला आणि २०२६ पासून ६३ चा झाला आहे), किराणा ६५०, मुलाच्या शाळेनंतरच्या सांभाळाचे १५०, आपल्या हातून दुसऱ्याचे नुकसान झाल्यास भरपाई देणारा, इथे जवळजवळ प्रत्येकजण घेतो तो विमा ८, कपडे-औषधे-बाहेरचे खाणे ३५०, आणि वर्षातून एकदा मुंबईला जाण्याची तिघांची तिकिटे महिन्यावर विभागून २००. एकूण होतात सुमारे ३,३८७. सरकारी शाळेला फी नाही. मुलामागे २५९ युरो बालभत्ता मिळतो, तो जमेला धरला तर आपल्याकडे ९७० च्या आसपास उरतील.

हिशेबनीस, दादर

मी सनदी लेखापाल आहे, त्यामुळे वरील ९७० युरो गृहीत धरून पुढचा हिशेब मांडतो.

निशिगंधताई, आपल्या तक्त्यात दोन दोष आहेत. पहिला असा की मुंबई सोडल्यावर मुंबईचा खर्च संपेल असे आपण धरले आहे. गृहकर्जाचा हप्ता, मेंटेनन्स आणि सासूसासऱ्यांचा विमा मिळून ८६,५०० रुपये आपण कुठेही गेलात तरी दरमहा जाणारच. म्युनिकचे ९७,००० त्यातून भागवले की उरतात १०,५००. त्यात भाडे मिळवायचे, पण ते पूर्ण ४२,००० नाही. घरमालक अनिवासी झाला की भाडेकरूला भाड्यातून ३१.२ टक्के कर कापून सरकारजमा करावा लागतो, त्यामुळे हातात २८,९०० येतील आणि शिल्लक ३९,४०० होईल. कापलेल्या करापैकी बराचसा, कदाचित सगळा, विवरणपत्र भरल्यावर परत मिळतो, कारण भाड्यातून ३० टक्के प्रमाणित वजावट आणि गृहकर्जाचे व्याज वजा होते. अर्थात पैसा वर्षभर अडकतोच, आणि कर कापण्याची ही उठाठेव नको म्हणून अनेक भाडेकरू अनिवासी मालकाचे घर नाकारतात, हे एजंट सांगणार नाही.

दुसरा दोष मला अधिक गंभीर वाटतो. आपण संध्याकाळी सहा ते नऊ रुग्ण तपासता, हे कंसात लिहिले आहे. त्या कंसातले उत्पन्न तक्त्यात कुठे आहे? घर पतीच्या पगारावर चालते आणि पत्नीचे उत्पन्न ‘वरचे’ असते, असे धरण्याची आपल्याकडे सवय आहे, आणि माझ्याकडे येणाऱ्या दहांपैकी आठ जोडपी असाच तक्ता आणतात. स्थलांतराच्या खर्चातली सर्वांत मोठी रक्कम बहुतेक वेळा हीच असते, आणि कोणत्याही गणकात तिला रकाना नसतो.

परदेशी जायचे ठरलेच तर एक बारीक गोष्ट तारखेची. नोकरीसाठी देश सोडणाऱ्याचा त्या आर्थिक वर्षातला भारतातील मुक्काम १८२ दिवसांपेक्षा कमी भरला तर तो अनिवासी ठरतो आणि जर्मनीतल्या पगारावर इथे कर लागत नाही. सप्टेंबरच्या २८ तारखेपर्यंत विमान पकडले, तर १८१ दिवस भरतात. बचत खाते एनआरओ, म्हणजे अनिवासी भारतीयाचे इथले रुपयांतले खाते, करून घेणे मात्र विसरू नये, कारण हप्ता त्याच खात्यातून जाणार.

निशिगंध

हिशेबनीस सर, कंसातले वाचून आधी हसू आले आणि मग आले नाही. क्लिनिकचे भाडे आणि साहित्य वजा जाता माझ्या हातात सरासरी ६०,००० येतात. म्हणजे आज आम्ही १८,५०० नाही, ७८,५०० वाचवतो, आणि म्युनिकला जाऊन ३९,४०० वाचवणार. कापलेला कर सगळा परत मिळाला असे धरले तरी ५२,५००. दीड लाखाचे काय झाले ते कळले. तिकडे मला काम मिळण्याची शक्यता किती आणि त्याला वेळ किती लागतो, हे कोणी सांगू शकेल का?

परतलेला पार्लेकर

चार वर्षे जर्मनीत राहून २०२४ मध्ये पार्ल्याला परत आलो, म्हणून लिहितो.

पतींना ब्लू कार्ड, म्हणजे उच्चशिक्षित परदेशी नोकरदारांसाठीचा निवास-परवाना, मिळाले तर आपल्याला पहिल्या दिवसापासून काम करण्याची कायदेशीर मुभा असते. अडचण आपल्या व्यवसायाची आहे. फिजिओथेरपी तिथे नियंत्रित व्यवसाय असल्यामुळे आपल्या पदवीची राज्याच्या यंत्रणेकडून समकक्षता तपासली जाते आणि जर्मन भाषा साधारण बी-२ पातळीपर्यंत, म्हणजे कामावर सहज बोलता येईल इतपत, यावी लागते. रुग्णाला ‘इथे दुखते की इथे’ हे विचारायला ती भाषा लागणारच. त्याउलट एकदा मान्यता मिळाली की काम शोधावे लागत नाही, इतकी तिथे फिजिओथेरपिस्टची टंचाई आहे. म्हणून हिशेबनीसांनी दाखवलेला खड्डा खरा असला तरी कायमचा नाही, आणि पहिल्या वर्षाच्या आकड्यांवरून पुढच्या पाच वर्षांचा निर्णय घेणे मला पटत नाही.

नंबिओसारखी संकेतस्थळे न्यूयॉर्कला १०० धरून शहरांच्या राहणीखर्चाचे निर्देशांक देतात. ते आकडे वाचकांनीच भरलेले असतात आणि त्यांतली वस्तूंची टोपली आपल्या घरची नसते. मुंबईत जागा महाग आणि माणसाचे श्रम स्वस्त आहेत. जर्मनीत दूध, लोणी, सफरचंदे, वॉशिंग मशीन हे सगळे पगाराच्या मानाने स्वस्त वाटते आणि ज्यात दुसऱ्या माणसाचा तास लागतो ते सगळे महाग. मी केस कापायला २८ युरो देत होतो आणि नळ दुरुस्त करणाऱ्याचे बिल पाहून पुढच्या वेळी पाना स्वतः हातात घेतला. आपल्या तक्त्यातले बाईंचे ९,५०० तिकडे शून्य होतात, पण ते काम शून्य होत नाही. स्वयंपाक, भांडी, केर, इस्त्री मिळून दिवसाचे अडीच तास जातात, आणि बी-२ ची तयारी करणाऱ्या व्यक्तीच्या दिवसातून ते जाणार की पतींच्या, हे आधी बोलून घ्यावे. प्राथमिक शाळा दुपारीच सुटते, हेही त्यात धरावे.

जमेच्या बाजूलाही एक गोष्ट राहिली आहे. सार्वजनिक आरोग्य विम्यात उत्पन्न नसलेला जोडीदार आणि मुले जादा पैसे न भरता येतात. शिवाय पगाराचे ९.३ टक्के, म्हणजे महिना ५५८ युरो, निवृत्तिवेतनासाठी कापले जातात आणि तितकेच कंपनी भरते. तो पैसा पीएफसारखा मधेच काढता येत नाही, पण त्याला खर्चही म्हणता येणार नाही. भारत आणि जर्मनी यांच्यातला सामाजिक सुरक्षेचा करार मे २०१७ पासून लागू असल्यामुळे पात्रतेसाठी लागणारी पाच वर्षे मोजताना इथल्या नोकरीचा काळही धरता येतो.

माझे मत विचाराल तर पतींनी आधी एकट्याने जावे. तिकडे नोकरीचा परीक्षाकाळ सहा महिन्यांपर्यंत असतो आणि त्यात दोन आठवड्यांच्या नोटिशीने काम सुटू शकते. तेवढा काळ क्लिनिक चालू ठेवून आपण भाषा शिकावी.

इसारकाठ

पार्लेकरांशी सहमत, फक्त आकडे बदलतील. कुटुंब भारतात असेल तर कर-वर्ग ३ मिळत नाही, वर्ग १ लागतो, आणि हातात ३,६५० च्या आसपास येतात. मूल भारतात असल्यास बालभत्ताही नाही. एका खोलीचे घर १,०५० वार्म, खाणे ३००, पास ६३, वर्गणी-वीज-फोन १००, किरकोळ २५०, आणि सहा महिन्यांत एक मुंबई फेरी धरली तर १,९०० पुरतात. मात्र एका खोलीच्या घरांसाठी इथे झुंबड उडते. बघायला गेलो होतो तेव्हा जिन्यात तीस-चाळीस माणसे कागदपत्रांच्या फाइली घेऊन उभी होती. पहिल्या तीन महिन्यांची सोय कंपनीने करावी, असे पत्रात मागून घ्या. लाजू नका, इथे मागतात.

निशिगंध

सर्वांचे मनापासून आभार. काल रात्री मूल झोपल्यावर आम्ही दोघांनी तक्ता पुन्हा मांडला आणि या वेळी माझा रकाना सर्वांत वर लिहिला. हे एकटे गेले तर तिकडे १,७५० युरो उरतात. इथे ह्यांचा प्रवास-खाणे वजा होऊन खर्च १,६०,००० वर येईल आणि माझे ६०,००० चालू राहतील, म्हणजे महिन्याला साधारण ७५,००० वाचतील. आजच्यापेक्षा साडेतीन हजार कमी. घर भाड्याने देण्याची घाई नाही, त्यामुळे एजंट नाराज आहे.

कंपनीला दोन मागण्या कळवल्या आहेत : पहिल्या तीन महिन्यांची राहण्याची सोय, आणि परीक्षाकाळ संपल्यावर कुटुंबाच्या स्थलांतराचा खर्च. पहिलीला होकार आला आहे, दुसरीचे उत्तर सोमवारी येईल. मी काळा घोड्याच्या मॅक्स म्युलर भवनात जर्मनच्या वर्गांची चौकशी करून आले. सकाळची तुकडी घेतली तर संध्याकाळचे रुग्ण सोडावे लागणार नाहीत, फक्त ७.१२ ची फास्ट लोकल पकडावी लागेल.

इसारकाठ, एकच राहिले : ओटा-कपाटांचा तो संच आपण घर सोडाल तेव्हा विकणार आहात का?