गृहकर्ज शेवटी केवढ्याला पडलं? तुमचे अनुभव लिहा

कातरवेळ:
परवा भाचा आला होता कर्जाचं मंजुरीपत्र घेऊन, चेहरा नुसता फुललेला. "मावशी, हप्ता आरामात बसतोय बघ पगारात." मी विचारलं, सगळे मिळून किती भरणार आहेस? तर म्हणे, "म्हणजे काय, ५० लाख." आणि मला एकदम बाबांचा तक्ता आठवला. त्यांनी घर घेतलं तेव्हा बँकेनं परतफेडीचा तक्ता दिलेला, दोन्ही कडांना भोकं असलेल्या लांबलचक कागदावर छापलेला, उलगडला की पलंगाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जायचा. हप्ता भरून आले की बाबा त्या ओळीवर लाल पेन्सिलीनं बारीक खूण करायचे. दोन रकाने, एक व्याज एक मुद्दल. आणि खूप खाली, जिथं मुद्दलाचा आकडा पहिल्यांदा व्याजाच्या पुढे जातो, त्या ओळीखाली त्यांनी पहिल्याच दिवशी रेघ मारून ठेवलेली. मला वाटायचं तिथं कर्ज संपतं. आई म्हणायची, तिथं संपत नाही गं, तिथून फिटायला लागतं.

तर भाच्याला बसवलं शेजारी आणि हिशोब केला. ५० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता ४३,३९१. एकूण भरणा १ कोटी ४ लाखांच्या वर, म्हणजे ५४ लाख नुसतं व्याज. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ व्याजात जातात, मुद्दलातून सुटतात ७,९७४. बाबांची ती रेघ त्याच्या तक्त्यात बाराव्या वर्षाच्या शेवटाकडे येते. पोरगं गप्पच झालं. त्याला घाबरवायचं नव्हतं मला, घर घे रे बाबा, पण डोळे उघडे ठेवून घे. आपल्यापैकी बऱ्याच जणांनी यातून काढलंय, काही जण अजून काढतायत. लिहा ना, त्याला वाचायला देणार आहे.

फिरस्ता:
एक मूलभूत शंका. साडेआठ टक्के दर असताना ५० वर ५४ व्याज कसं काय? हे तर शंभर टक्क्यांच्या वर गेलं

गणितवेडा:
@फिरस्ता साडेआठ टक्के दर वर्षाला, आणि तेही त्या वेळी जेवढं मुद्दल शिल्लक असेल त्यावर. सुरुवातीची कित्येक वर्षं शिल्लक फारशी हलतच नाही. वरच्याच उदाहरणात ५ वर्षांत २६ लाख भरून होतात आणि मुद्दल कमी होतं ६ लाखांपेक्षा थोडं कमीच. निम्मं मुद्दल फिटायला जवळजवळ १४ वर्षं लागतात. यात बँकेची लबाडी वगैरे काही नाही, चक्र असंच फिरतं. फक्त कुणी आधी सांगत नाही.

फिरस्ता:
१४????

माजघर:
मशीन लावून आले पटकन लिहायला. आमच्याकडे मुदतीवरून भांडण झालेलं. नवरा म्हणे ३० वर्षं घेऊ, हप्ता हलका. सासरे शिक्षक होते, त्यांनी वहीच्या मागच्या पानावर दोन्ही गणितं मांडून दाखवली. मूळ पोस्टमधल्या आकड्यांवरच बघा, ३० वर्षं केली तर हप्ता ३८,४४६, म्हणजे महिन्याला ५ हजारसुद्धा वाचत नाहीत, आणि व्याज मात्र ५४ वरून ८८ लाखांवर जातं. उलट १५ वर्षांवर आणलं तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज साडेअडतीसच्या आसपास. आम्ही मधली वाट काढली, कागदावर मुदत लांब ठेवली म्हणजे अडीअडचणीला हप्ता लहान, आणि हातात पैसे आले की जास्तीचे भरायचे. हे जमायला नवराबायकोचं एकमत लागतं, नाहीतर जास्तीचे पैसे दुसरीकडेच जातात. बाकीचं रात्री लिहिते, मुलांची आंघोळ.

उंबरठा:
बदलत्या दराबद्दल कुणीच लिहिलं नाही अजून?? आम्ही कर्ज घेतलं तेव्हा दर तळाला होते, सगळे म्हणत होते घ्या घ्या परत असा दर मिळणार नाही. मग २०२२ पासून जगभर दर वर जायला लागले. आमचा हप्ता तोच राहिला म्हणून आम्ही निवांत. बँकेचा मेसेज यायचा दर बदललाय म्हणून, कोण वाचतंय. एकदा सहज ॲपमध्ये उघडून पाहिलं तर शेवटच्या हप्त्याची तारीख नवऱ्याच्या निवृत्तीच्या कितीतरी पुढे गेलेली! हप्ता न वाढवता मुदत वाढवलेली. बँकेत गेले तर तिथला माणूस म्हणाला मॅडम तुमच्या सोयीसाठीच केलंय. माझा संताप संताप झाला. आम्हाला विचारलं असतं तर हप्ता वाढवून घेतला असता की. भांडून वाढवून घेतला शेवटी.

गणितवेडा:
@उंबरठा हे फार महत्त्वाचं लिहिलंत ताई. आकडे देतो, भाच्याला दाखवा. ५० लाख ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी, हप्ता ३८,७६५. दुसऱ्याच महिन्यात दर ९ झाला आणि हप्ता तोच ठेवला तर २० वर्षांची होतात ३८. आणि साडेनऊ झाला तर महिन्याचं व्याजच ३९,५८३, हप्त्यापेक्षा जास्त. म्हणजे हप्ता भरत राहायचं आणि कर्ज वाढत राहायचं. दर बदलला की एकच गोष्ट बघायची, शेवटच्या हप्त्याची तारीख हलली का.

उंबरठा:
अगदी अगदी. तारीख बघा लोकहो तारीख

सातासमुद्रापार:
इथे अमेरिकेत ३० वर्षं एकच दर हा प्रकार अगदी सर्रास आहे, त्यामुळे वरची भानगड कमी होते. पण कधी घेतलं यावर सगळं नशीब. ऑक्टोबर १९८१ मध्ये इथला ३० वर्षांचा सरासरी दर १८.६३ टक्क्यांवर गेला होता आणि जानेवारी २०२१ मध्ये २.६५ वर आला होता. माझे शेजारी त्या स्वस्त दरात अडकलेत, घर लहान पडतंय, मुलं मोठी झालीत, पण घर बदललं तर कर्ज नव्या दरानं घ्यावं लागेल म्हणून हलत नाहीत. स्वस्त कर्जाचीही किंमत असते ती अशी. आणि ऐकून आश्चर्य वाटेल, २०१९ मध्ये डेन्मार्कमधल्या एका बँकेनं १० वर्षांचं गृहकर्ज उणे अर्धा टक्का दरानं देऊ केलं होतं. शुल्क धरून खर्च यायचाच म्हणा.

फिरस्ता:
उणे??? मला पत्ता द्या त्या बँकेचा 😄

रानजाई:
मी पण त्याच रांगेत उभी 🙋‍♀️

सरळरेघ:
थोडं वेगळं मत मांडतो, राग नसावा. एकूण व्याजाचा आकडा दाखवून नव्या मुलांना घाबरवू नये. आजचे ४३ हजार आणि २० वर्षांनंतरचे ४३ हजार एक नाहीत. महागाई ५ टक्के धरली तर शेवटचा हप्ता आजच्या सव्वासोळा हजारांच्या आसपास भरतो. पगारही तिथेच थांबत नाही. माझा हप्ता सुरुवातीला निम्मा पगार खायचा, शेवटी शेवटी जाणवायचाही नाही. सगळी शिल्लक कर्जात ओतून हात रिकामे करून बसण्यापेक्षा सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवणं मला जास्त शहाणपणाचं वाटतं. विटा विकून दवाखान्याचं बिल भरता येत नाही.

माजघर:
@सरळरेघ पगार वाढेलच हे गृहीत कसं धरायचं दादा? सगळ्यांचे नाही वाढत.

सरळरेघ:
ते मान्य. म्हणूनच सहा महिन्यांचं म्हटलं.

पाऊलवाट:
मला जे लिहायचंय ते कुठल्याच तक्त्यात नाही बसत. मला शिकवायचं होतं, नोकरी सोडून पूर्ण वेळ. एका संस्थेत जागाही मिळत होती पण पगार निम्म्याहून कमी, आणि हप्ता डोक्यावर, नवऱ्याच्या एकट्याच्या पगारात बसत नव्हता, म्हणून नको म्हटलं, मग पुढच्या वर्षी बघू म्हटलं, मग मुलीचं शिक्षण, असं करत करत ती जागाही गेली आणि ती हौसही विझत गेली. घर छान आहे, मुलगी इथेच वाढली, गच्चीवरून सगळं आकाश दिसतं, मला घराबद्दल जराही तक्रार नाही. पण कर्ज किती महागात पडलं असं कुणी विचारलं ना की मला व्याज नाही आठवत, तो फोन आठवतो ज्यात मी त्या बाईंना नाही म्हणून सांगितलं. हप्ता ठरवताना पगाराच्या किती टक्के एवढंच बघतात सगळे. दोघांपैकी एकाला थांबावंसं वाटलं तर दुसऱ्याच्या पगारात बसेल का, हे बघा. फेडून झालंय आता. आता परत शिकवण्या सुरू केल्यात घरीच.

कातरवेळ:
पाऊलवाट, काय लिहू. घट्ट मिठी तुला. शिकवण्या सुरू केल्यास हे वाचून फार बरं वाटलं.

रानजाई:
+१. माझ्या बहिणीचं हेच. कोणत्या विषयाच्या घेतेस गं?

पाऊलवाट:
गणित आणि विज्ञान, आठवी ते दहावी 🙂

रानजाई:
अगं मग व्यनि (व्यक्तिगत निरोप) करते, माझा आठवीत गेलाय आणि बीजगणित म्हटलं की पोटात दुखतं त्याच्या

ओसरी:
बांधकाम चालू असलेलं घर घेणाऱ्यांनी हेही बघा. ताबा मिळेपर्यंत आम्ही फक्त व्याज भरत होतो, जेवढी रक्कम बिल्डरला गेली तेवढ्यावर. शिवाय राहत्या घराचं भाडं. ताबा लांबत लांबत गेला, नाव नाही घेत. ती सगळी वर्षं मुद्दलातून काही म्हणजे काही कमी झालं नाही, २० वर्षं मोजायला सुरुवात झाली ती त्यानंतर. जाहिरातीत हप्ता लिहितात, हे मधलं कुणी लिहीत नाही.

फिरस्ता:
म्हणूनच मी म्हणतो भाड्यानेच राहावं, कटकट नाही

उंबरठा:
@फिरस्ता भाड्यावरून आधीच दोनदा रणकंदन झालंय इथे, परत नको 🙏

तुळई:
विम्याबद्दल लिहिते. माझे यजमान गेले तेव्हा कर्जाची बरीच वर्षं बाकी होती. त्यांनी स्वतःचा साधा मुदत विमा वेगळा काढलेला, कर्जाच्या रकमेपेक्षा मोठा. त्या पैशातून कर्ज फेडलं, वर मुलांसाठी राहिले. घर राहिलं. म्हणून विमा हा खर्च म्हणून बघू नका. पण माझ्या दिराला कर्ज देताना बँकेनं विमा त्यातच घातला, विम्याच्या हप्त्याची रक्कम कर्जात मिळवून टाकली. दिसायला खिशातून काही गेलं नाही. कर्जात मिळवलेल्या प्रत्येक लाखावर २० वर्षांत आणखी लाखाच्या वर व्याज जातं. शिवाय अशा बऱ्याच विम्यांत कर्ज कमी होईल तसं संरक्षणही कमी होत जातं आणि पैसे आधी बँकेकडे जातात. वेगळा काढता येतो का, हे सही करायच्या आधी विचारा. विचारलं की नाही म्हणतील कदाचित, तरी परत विचारा, लेखी विचारा.

कातरवेळ:
तुळईताई, मनापासून आभार. हे तर भाच्याला आजच पाठवते. त्याच्याही पत्रात विम्याची ओळ आहे.

माजघर:
मुलं झोपली. जास्तीचे भरण्याबद्दल राहिलं होतं. सुरुवातीला भरलेल्या पैशाला फार ताकद असते. २० वर्षांच्या त्याच ५० लाखांवर अगदी सुरुवातीलाच १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला तर पूर्ण वर्षभराचे हप्ते वाचतात, व्याज सव्वाचार लाखांच्या आसपास कमी. तेच शेवटच्या वर्षी भरून जवळजवळ काहीच फरक नाही. दरवर्षी एक हप्ता जादा भरला तरी २० वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून जास्त लवकर संपतं. पण भरताना सांगायचं की मुदत कमी करा, हप्ता नको. नाही सांगितलं तर कधी कधी हप्ता कमी करून ठेवतात आणि मग वाचतं ते किरकोळ. आणि दर पक्का असलेलं कर्ज असेल तर आधी फेडल्याचा दंड आहे का ते करारात बघून मगच.

फिरस्ता:
माजघरताई तुम्ही बँकेत आहात का?

माजघर:
नाही हो, सासऱ्यांची वही 🙂

आजोळ:
सगळे घेण्याबद्दल लिहितायत, संपल्यावरचंही लिहितो. शेवटचा हप्ता गेला म्हणजे काम झालं असं नाही. मूळ कागदपत्रं परत घ्यायची, यादी करून, पान न् पान तपासून. बँकेचा बोजा, म्हणजे कर्जापोटी घरावर असलेला तिचा हक्क, सरकारी नोंदीतून उतरला का ते स्वतः बघायचं. काही देणं बाकी नाही असा ना देय दाखला घ्यायचा. माझ्या मित्रानं हे राहू दिलं, आणि घर विकायला काढलं तेव्हा बोजा तसाच दिसत होता, गिऱ्हाईक मागे फिरलं. कर्ज फिटून किती काळ लोटलेला.

उंबरठा:
आईगं. आमचे कागद कोणत्या शाखेत आहेत हेच माहीत नाही आम्हाला, शाखा मधे हलली ना

आजोळ:
मग कर्ज संपायची वाट बघू नका ताई, आत्ताच लेखी विचारून ठेवा. कोणकोणते कागद त्यांच्याकडे जमा आहेत त्याची यादीही मागा, शिक्क्यासकट.

उंबरठा:
सोमवारी जाते. यादीत काय काय असायला हवं ते सांगाल का, म्हणजे तिथे अडायला नको

आजोळ:
घरी जाऊन माझी फाईल बघतो आणि लिहितो, आत्ता बसमध्ये आहे.