भुलेश्वर आणि हुरडा एका दिवसात होईल का?

जानेवारीत पुण्याहून रविवारी निघायचं म्हणतोय, सोबत आई-बाबा आणि दोन पोरं. आधी भुलेश्वर, मग कुठंतरी शेतात हुरडा आणि जमलं तर गुऱ्हाळ. दमछाक तर नाही ना होणार?

पुरंदरकर: आरामात होतं हो. सोलापूर रोडने यवत गाठा, तिथून घाट चढून वर. गाडी बऱ्यापैकी जवळ जाते, पुढं पायऱ्या. मंदिर यादवकाळातलं, आत चांगलाच अंधार असतो म्हणून टॉर्च न्याच. मूर्ती बऱ्याच फोडलेल्या आहेत पण जे उरलंय ते बघत तास कसा जातो कळत नाही. स्त्रीरूपातला गणपती वर कोपऱ्यात आहे, पुजाऱ्यांना विचारलं की दाखवतात. आणि पोरांना बाहेरचे बुरूज दाखवा, हा दौलतमंगळ किल्ला होता हे निम्म्या लोकांच्या गावीही नसतं.

चुलवण: हुरडा आधी बुक करा, रविवारी मरणाची गर्दी. गुळभेंडी किंवा सुरती वाणाची ज्वारी आहे का ते विचारा, आणि आगटीतलं (खड्ड्यातल्या शेकोटीतलं) कणीस तिथंच हातावर चोळून देणारे बघा, थंड झाला की मजा गेली.
यवत-केडगाव पट्ट्यात गुऱ्हाळं भरपूर. काहिलीला, म्हणजे रस उकळायच्या मोठ्या कढईला, कठडा नसतो त्यामुळं पोरांचा हात धरूनच उभे राहा, रस उसळतो. काकवी मागा, बाटली घरूनच न्या.

प्रश्नकर्ता: भारीच! आईचे गुडघे दुखतात, पायऱ्या जमतील?

पुरंदरकर: सावकाश जमतील, सकाळीच जा मात्र.