जोश गिब्सन पहिल्या नंबरावर: मान मिळाला की हिशेब मिटवला?

बोका_पेठेतला
मे २०२४ मध्ये अमेरिकेच्या मेजर लीग बेसबॉलने निग्रो लीगचे आकडे आपल्या अधिकृत वहीत चढवले. १९२० ते १९४८ या काळातल्या, कृष्णवर्णीयांच्या सात वेगळ्या लीगचे. कारकिर्दीच्या फलंदाजी सरासरीच्या यादीत एका रात्रीत मेजर लीगचा गोरा टाय कॉब खाली, निग्रो लीगचा जोश गिब्सन वर. गिब्सनची सरासरी .३७२, म्हणजे हजार वेळा बॅट धरली तर ३७२ हिट. सगळीकडे टाळ्या. मला मात्र खटकलं. ज्यांनी कृष्णवर्णीयांना दार लावून घेतलं होतं, त्यांनीच आता शेजाऱ्याचा सातबारा आपल्या नावावर केला. उद्या एखादं पोर ही दोन नावं एकाखाली एक वाचेल आणि समजेल की दोघांना एकच मैदान खुलं होतं. गिब्सन जानेवारी १९४७ मध्ये गेला, ३५ वर्षांचा. १५ एप्रिलला जॅकी रॉबिन्सन, आधुनिक मेजर लीगमधला पहिला कृष्णवर्णीय, ब्रुकलिनकडून उतरला. मधले तीन महिने कुठल्या रकान्यात मांडायचे?

रकानेबहाद्दर
सातबारा झकास, पण उलटा वाचलात. नाव न लावणं हीच फसवणूक होती. १९६९ मध्ये कुठल्या लीग 'मेजर' धरायच्या हे ठरवणाऱ्या समितीने सहा धरल्या, त्यात निग्रो लीग नाहीत. आणि हे आकडे मेजर लीगने दान दिलेले नाहीत. 'पिट्सबर्ग कुरियर', 'शिकागो डिफेंडर' असल्या कृष्णवर्णीयांच्या वर्तमानपत्रांत छापलेली स्कोअरकार्डं संशोधकांनी वर्षानुवर्षं एकेक करून वेचली.

मिडऑन
ते ठीक, पण साठ-सत्तर सामन्यांचा हंगाम! गिब्सनची १९४३ ची .४६६ हा म्हणे एका हंगामाचा विक्रम. असं कुठे असतं?

रकानेबहाद्दर
२०२० मध्ये करोनामुळे मेजर लीगचेही ६० च सामने झाले. ते बरे चालले?

बोका_पेठेतला
हंगामाच्या लांबीबद्दल माझी तक्रारच नाही. हॉल ऑफ फेम या बेसबॉलच्या मानाच्या दालनातल्या गिब्सनच्या पाटीवर जवळजवळ ८०० होम रन लिहिलेत. अधिकृत वहीत दोनशेसुद्धा नाहीत. बाकीचे गावोगाव फिरून खेळलेल्या सामन्यांतले, लीगबाहेरचे म्हणून वगळले. अहो, पोट तर त्याच सामन्यांवर चालायचं! निग्रो लीगचा संघ कॅन्सस सिटी मोनार्क्स, ते १९३० पासून दिव्यांचे खांब ट्रकवर लादून फिरत आणि रात्री सामने लावत. मेजर लीगचा पहिला रात्रीचा सामना १९३५ चा. आता सांगा, 'मेजर' कोण?

गौरी_जर्सीवाली
वहीपेक्षा जागा टिकवा. आमच्या इथे न्यू जर्सीत पॅटरसनला धबधब्याला खेटून हिंचक्लिफ स्टेडियम आहे. निग्रो लीगचे न्यूयॉर्क ब्लॅक यँकीज तिथे खेळत, रॉबिन्सननंतर मेजर लीगमध्ये आलेला दुसरा कृष्णवर्णीय लॅरी डोबी याच गावात वाढला. १९९७ पासून कुलूप होतं, २०२३ मध्ये उघडलं. लेकाला नेलं होतं. .३७२ ऐकून त्याने जांभई दिली, पण "इथे? खरंच इथेच?" हे तीनदा विचारलं.

मिडऑन
आपल्याकडे दलित गोलंदाज पळवणकर बाळूंचं काय, हेही कुणीतरी विचारा. पुण्यात हिंदूंच्या संघाकडून बळी घ्यायचे त्यांनी, आणि चहा मात्र बाहेर, मातीच्या भांड्यातून.

रकानेबहाद्दर
त्यावर वेगळा धागा काढा, येतो. पण बघा, बाळूंचे बळी प्रथमश्रेणीत मोजलेले आहेत, म्हणून तर आज मी वाद घालू शकतो. बोकेबुवा, दिव्यांच्या ट्रकचं नवीन कळलं, आभार. वही मात्र अजून बंद झालेली नाही. लीग सामन्यांचीही साधारण तीन चतुर्थांशच स्कोअरकार्डं हाती लागलीत, उरलेली कुणाच्या तरी माळ्यावर रद्दीत असतील.