मदत हवी आहे : ब्रिटनमध्ये खुली स्पर्धा परीक्षा इतकी उशिरा का?

मंडळी, एक कोडं सुटत नाहीये. १८५३ च्या सनदी कायद्याने कंपनीच्या संचालकांची वशिल्याची नेमणूक संपली आणि हिंदुस्थानच्या सनदी सेवेसाठी १८५५ मध्ये लंडनला खुली परीक्षा झालीसुद्धा. नॉर्थकोट-ट्रेव्हेलियन अहवाल १८५४ चा. तोही खुद्द ब्रिटनमधल्या सरकारी खात्यांसाठी हेच सांगत होता. तिथे मात्र १८५५ मध्ये आयोग नेमून नुसती चाळणी बसवली. उमेदवाराचं नाव मंत्री किंवा खातंच सुचवणार! खरी खुली स्पर्धा पंतप्रधान ग्लॅडस्टनच्या काळात, १८७० च्या हुकुमाने आली, आणि परराष्ट्र खातं त्यातूनही सुटलं.

गंमत म्हणजे ट्रेव्हेलियन स्वतः बंगालमध्ये नोकरी केलेला, वर हिंदुस्थानच्या परीक्षेची योजना आखणाऱ्या मेकॉलेचा मेव्हणा. म्हणजे दोन्हीकडे विचार एकाच घरातला.

मग अडलं कुठे? खासदारांना आपल्या माणसांना चिकटवायच्या जागा सोडवेनात, हे उत्तर मला अपुरं वाटतं. खातेप्रमुखांचा विरोध किती होता? आणि १८७० मध्ये अर्थमंत्री रॉबर्ट लो यांनी तो कसा मोडला? जाणकारांनी सविस्तर लिहावं. मराठीत यावर काही वाचनीय असेल तर तेही सुचवा.